खासगी वापराची खूण

३ मार्च, सोमवार

पळपुटा म्हणे. मी! एकोणीस महिने झाले एका जागी, एक खाडा नाही, आणि ताई फोनवर म्हणते, "तुझ्या पायाला भिंगरी आहे, तुझा भरवसा कोण धरणार." अगं बाई, भिंगरी होती म्हणून तर आलो, आता बसलोय तर बसण्याचाही त्रास. मग परत सगळी यादी: आठवी अर्ध्यात सोडलीस, वेल्डिंगचं दुकान सोडलंस, दुधाची गाडी सोडलीस. सगळं खरं आहे. पण माणसाने किती वेळा ऐकायचं?

फोनवर ताईशी जिंकता येत नाही. आई गेली तेव्हापासून तिनेच मला वाढवलं, त्यामुळे भांडणात ती कायम वरच्या पायरीवर. म्हणून रद्द झालेल्या जॉबकार्डांच्या पाठी लिहितो. एका बाजूला कुणाच्या तरी गाडीचं ऑइल, दुसऱ्या बाजूला मी. इथे ती मधे बोलत नाही.

मुद्दा साधा आहे. दोन वर्षं इथे, या गाड्यांच्या सर्व्हिस सेंटरात, काढायची असं ठरलंय. पगाराचा दहावा हिस्सा कंपनी ठेवून घेते, त्याला डिपॉझिट म्हणतात. दोन वर्षं नीट झाली की सगळं एकदम हातात. मधे सोडलं किंवा कामात लबाडी सापडली तर गेलं. माझे आजवर चोवीस हजार नऊशे साठलेत. आणखी पाच महिने, की मी घरी, आणि वळणावरच्या गाळ्यात माझं नि दाजींचं गॅरेज. गाळेवाल्याला दाजींनी शब्द देऊन ठेवलाय.

खाली गाड्यांचं काम करणारे ऑइलकाका म्हणतात हे डिपॉझिट म्हणजे गळ्यातला पट्टा आहे. मी म्हणतो बचत आहे. हातात आले असते तर उडवले असते, माझं मला माहीत आहे.

६ मार्च, गुरुवार

आज दोन प्लॅन खपले. महिन्याचे चार झाले, बारा पाहिजेत.

काउंटरवर येऊन दहा महिने झाले. त्याआधी खाली वॉशिंगला होतो. साहेबांनी एकदा मला गिऱ्हाइकाशी बोलताना ऐकलं आणि म्हणाले, "हे तोंड पाण्याच्या पाइपापाशी वाया चाललंय." वर आणलं. ते माणूस ओळखतात.

प्लॅन म्हणजे असं: साडेचौदा हजार आधीच भरायचे. तीन वर्षं किंवा तीस हजार किलोमीटर, जे आधी होईल तोवर सर्व्हिस आमच्याकडे. ऑइल, फिल्टर, ब्रेक पॅड, मजुरी, सगळं त्यात. मधे भाव वाढले तरी तुम्हाला झळ नाही. मी हे इतकं म्हटलंय की जेवताना पण तोंडात येतं.

आज एक दातांची डॉक्टर आली होती. बाई म्हणजे कॅल्क्युलेटरच. तीन वर्षांत किती सर्व्हिस? तीन. प्लॅनशिवाय एक कितीला? बत्तीसशे. म्हणाली, "म्हणजे शहाण्णवशे झाले. उरलेले एकोणपन्नासशे कशाचे?"

"मॅडम, ब्रेक पॅड आहेत ना."

"माझी गाडी घर ते दवाखाना. वर्षाला चार हजार होत नाही. पॅड झिजतील का?"

मी वॉशिंगला असताना शेकडो चाकं उघडी पाहिली आहेत. नाही झिजत. पण म्हटलं, "मॅडम, मनाला शांती."

ती हसली. "आमच्याकडे पण असं पॅकेज आहे. वर्षाचे आधी भरा, कधीही दात दाखवा. आमचा फायदा सगळा न येणाऱ्यांवर." असं म्हणून पर्स उघडली आणि घेतला की प्लॅन! म्हटलं, मॅडम, तुम्हीच तर हिशोब मांडलात. म्हणाली, "हिशोब कळतो हो. पण दर वेळी इथे उभं राहून 'हे का बदललं, ते का लावलं' असं भांडायचं, त्याचा कंटाळा येतो. भांडण टाळण्याचे एकोणपन्नासशे."

मला ताईची आठवण झाली. तेवढ्यात मिळत असेल तर मी पण घेईन.

११ मार्च, मंगळवार

ऑइलकाकांशी वाजलं. वाजलं म्हणजे ते बोलले आणि मी ऐकलं. तीस वर्षं गाड्यांखाली काढलेला माणूस, नखांतलं काळं आता रंगच झालंय नखांचा. मी जिना उतरलो की ओरडतात, "या सरकार! आज किती बांधले?"

प्लॅनच्या गाडीला काचेवर हिरवा स्टिकर असतो. मी वर तो विकतो, आणि खाली तो दिसला की गाडी रांगेत मागे जाते. कारण रोख देणारा उभा असतो, आणि प्लॅनवाल्याने पैसे कधीच भरलेले असतात, तो जाणार कुठे? एअर फिल्टरला हवा मारायची आणि तोच परत बसवायचा. मीही मारलीये. तेव्हा मला वाटायचं ही पद्धतच असेल.

काका म्हणाले, "मी सांगू का, तुझा प्लॅन वाईट नाही. ज्याची गाडी बरोब्बर वर्षाला दहा हजार फिरते, जो तारीख चुकवत नाही, जो गाडीपाशी उभा राहून जुना फिल्टर हातात मागतो, त्याला परवडतो. असा माणूस मी दोनदा पाहिलाय."

"मग लोक घेतात कशाला?"

"तू गोड बोलतोस म्हणून, गाढवा."

त्यांना वाटतं मला लागलं असेल. मला बरंच वाटलं.

१४ मार्च, शुक्रवार

ताईचा फोन, कामाच्या वेळेत. ती असं कधी करत नाही.

दाजींची गाडी अडकलीये. नऊ महिन्यांपूर्वी कर्ज काढून घेतली, भाड्याने फिरवायला. गिअर बॉक्समधून आवाज यायला लागला म्हणून आमच्याच कंपनीच्या तिकडच्या शाखेत लावली. वॉरंटीत फुकट व्हायला पाहिजे. तर तिथल्या तपासणीवाल्याने कागद उघडले आणि म्हणाला, ही गाडी भाड्याने फिरते, आणि प्लॅनच्या फॉर्मवर 'खासगी वापर' अशी खूण आहे. खोटी माहिती. प्लॅन बंद, आणि वॉरंटीचं वर विचारावं लागेल. वॉरंटी नाही मिळाली तर अडतीस हजार.

"गाडी तिथेच उभी आहे सहा दिवस," ताई म्हणाली. "हप्ता काही उभा राहत नाही. आणि तुझे दाजी! मी विचारलं, ही खूण कुणी केली, तर म्हणतात, मीच केली असेन, आठवत नाही. आठवत नाही? घरातले साडेचौदा हजार दिले आणि आठवत नाही? इतका वेंधळा माणूस मी बघितला नाही. तू तरी नीट समजावून सांगायचं होतंस त्यांना."

मी म्हटलं, "हं."

ती खूण मी केली होती.

१५ मार्च, शनिवार

काल पुढे लिहवेना.

झालं असं. मी नुकताच काउंटरवर आलेलो. पहिला महिना, अकरा प्लॅन झालेले, शेवटचा दिवस. बारा झाले नाहीत तर परत खाली. दाजींनी गाडी घेतल्याचा फोटो पाठवला, हार घातलेला, दाजी बोनेटवर हात ठेवून उभे. मी लगेच फोन लावला. दाजी, प्लॅन घ्या, तीन वर्षं डोक्याला ताप नाही. दाजी म्हणाले, "तू म्हणतोस ना, मग झालं." कागदांचे फोटो पाठवले, फॉर्म मी इथूनच कॉम्प्युटरवर भरला. भाड्याच्या गाडीचा प्लॅन सव्वीस हजारांचा, शिवाय परवान्याची प्रत लागते, मंजुरीला दोन दिवस जातात. खासगीचा लगेच होतो. मी खासगीवर खूण केली. दाजींचे साडेअकरा हजार वाचवले असंच मला तेव्हा वाटलं. अजून थोडं वाटतं.

आणि भाड्याची गाडी तीस हजार किलोमीटर नऊ महिन्यांत करते हे? ते मला सुचलंच नाही. तीन वर्षं, तीन वर्षं म्हणत बसलो. दोन सर्व्हिस झाल्या, कुणी बघितलं नाही. आता एकोणतीस हजारावर गाडी आहे. म्हणजे काही झालं नसतं तरी प्लॅन या महिन्यात संपलाच असता.

१८ मार्च, मंगळवार

दाजी फोन घेत नाहीत. तीनदा केला. रागावलेत. रागावणारच. त्यांनी ताईला अजून खरं सांगितलं नाहीये, म्हणजे मनात काहीतरी ठरवत असतील. या माणसाचा राग मी कधी पाहिला नाही, म्हणून जास्त भीती वाटते.

२० मार्च, गुरुवार

ताई म्हणते दाजी आता दुसऱ्याची गाडी चालवतात, दिवसाच्या रोजावर. ती त्यांच्याशी बोलत नाही. ताट वाढते आणि आत जाते.

"अगं, एवढं काय त्यात," मी म्हटलं.

"तुला काय कळतंय. पैशाचं नाही रे. खोटं कशाला लिहायचं? मला हा माणूस सरळ म्हणून आवडला होता."

मी म्हटलं, गिऱ्हाईक आलंय, ठेवतो. गिऱ्हाईक नव्हतं.

२४ मार्च, सोमवार

तिकडच्या शाखेत फोन केला, मी इकडच्या काउंटरवरून बोलतोय म्हणून. तिथला मुलगा बरा निघाला. म्हणाला, असं एक-दोनदा झालंय. फॉर्म भरणाऱ्याने लिहून दिलं की चूक माझी, मालकाने भाड्याचंच सांगितलं होतं, तर प्लॅन रद्द होतो, वापरलेलं कापून बाकीचे पैसे परत येतात आणि वॉरंटी राहते.

"पण लिहून कोण देणार?" तो हसला. "तुमच्याकडे पण डिपॉझिटचा नियम आहे ना?"

म्हटलं, आहे.

म्हणजे एका कागदात दाजींची गाडी सुटते. आणि त्याच कागदात माझे एकोणीस महिने जातात, गाळ्याचे पैसे जातात, कदाचित खोलीही. खोली कंपनीची आहे. स्पेअर पार्टच्या गोदामावर, चार खाटा, उशीलासुद्धा रबराचा वास. खिडकी उघडली की वॉशिंगची भिंत. आज जेवणाच्या सुट्टीत खाटेवर बसून मोजलं: दारापासून भिंतीपर्यंत नऊ पावलं. मग परत मोजलं.

गाळा गेला तर दाजींचंही नुकसानच की. पाच महिने थांबलो तर डिपॉझिट घेऊन मीच दुरुस्तीचे पैसे देऊ शकेन. चोवीस हजार नऊशे, अधिक पाच महिन्यांचे साडेसात. बत्तीस हजार चारशे. अडतीसला थोडे कमी. हे ताईला पटवून सांगता येईल. फक्त सगळं सांगावं लागेल.

२७ मार्च, गुरुवार

एक भाड्याचा ड्रायव्हर आला. नवी गाडी, पायात स्लीपर, बायको शेजारी. पाकीट हातातच. म्हणाला, "साहेब, तो तीन वर्षांचा प्लॅन द्या. एकदाच भरतो, मग बघायला नको."

मला साहेब म्हणाला.

विचारलं, रोज किती फिरते? म्हणाला, शंभर-सव्वाशे. म्हटलं, मग ही तीन वर्षं नाहीत, नऊ महिने आहेत. भाड्याचा वेगळा प्लॅन आहे, पण तुम्ही प्लॅनशिवाय सुटी सर्व्हिस करा, दर खेपेला गाडीपाशी उभे राहा, स्वस्त पडेल. त्याची बायको म्हणाली, "ऐकलंत? मी हेच म्हणत होते." तो पाकीट खिशात घालून गेला.

माझे नऊच झालेत. महिना संपायला चार दिवस. आणि मी गिऱ्हाईक परत पाठवतो. वेड लागलंय.

१ एप्रिल, मंगळवार

नऊवरच राहिले. साहेबांनी केबिनमध्ये बोलावलं. चहा मागवला, रागावले नाहीत. "घरचा काही त्रास आहे का? मी तुला मुलासारखा मानतो."

मुलासारखा म्हटल्यावर मला राहवलं नाही. सगळं सांगितलं. दाजी, बारावा प्लॅन, खूण. म्हटलं, मला लिहून द्यायचंय.

साहेबांनी कप खाली ठेवला. "बाळा, हे तू मला सांगितलंच नाहीस असं आपण धरू शकतो. तिकडे काय, महिनाभर ओरडतील आणि गप्प होतील."

"साहेब, गाडी उभी आहे चोवीस दिवस."

"तू लिहून दिलंस तर मला नियम लावावा लागेल. माझ्या हातात नाही."

मी उद्यापर्यंत वेळ मागितला. खाली आलो तर काका रॅम्पखालून म्हणाले, "काय सरकार, चेहरा का उतरला?" त्यांनाही सांगितलं. त्यांनी पाना खाली ठेवला, हात पुसले, नीट पुसले, एकेक बोट. मग म्हणाले, "मी याच डिपॉझिटपायी माझ्या बहिणीच्या लग्नाला गेलो नव्हतो. सुट्टी घेतली तर खाडा लागत होता."

"मग मिळालं का डिपॉझिट?"

"मिळालं की. त्यात गाडीची एक बॅटरी आली."

आणि परत गाडीखाली गेले.

२ एप्रिल, बुधवार

लिहून दिलं. चार ओळी लिहायला एक तास. 'जाणीवपूर्वक' हा शब्द साहेबांनी सांगितला, मला तो दोनदा खोडावा लागला. खाली सही, अंगठाच द्यावा असं वाटत होतं.

डिपॉझिट गेलं. काउंटर गेलं. पण काढलं नाही. साहेब म्हणाले, "दुसरा कुणी असता तर आज रस्त्यावर असता. तू माझा माणूस आहेस. उद्यापासून खाली वॉशिंगला. तिथलाच जुना पगार, खोली आहे ती राहू दे. डिपॉझिट नव्याने सुरू करू, दोन वर्षं." नवा कागद तयारच होता, सही केली. हे त्यांचे उपकारच म्हणायचे. आत्ता बाहेर पडलो असतो तर परतीच्या गाडीभाड्यापुरते पण नव्हते.

सही करून झाल्यावर लक्षात आलं की मी कागद वाचला नाही.

८ एप्रिल, मंगळवार

वॉशिंग. पाइप तोच, गळतो तिथेच. पहिल्या दिवशी बोटं पांढरी पडली, आता सवय झाली. दातांची डॉक्टर आली होती, सर्व्हिसला. मला गमबूट घातलेला पाहून थांबली. "तुम्ही वर होतात ना?"

म्हटलं, "मॅडम, फिल्टर बदलल्यावर जुना हातात मागा."

तिने मागितला. वरून आरडाओरड ऐकू आली, शेवटी नवा बसला. म्हणजे एकोणपन्नासशे देऊनही तिचं भांडण काही टळलं नाही.

१२ एप्रिल, शनिवार

काल तिकडच्या शाखेने गाडी सोडली. गिअर बॉक्स वॉरंटीत झाला. प्लॅनचे म्हणून दोन सर्व्हिस कापून आठ हजार शंभर परत येणार, कधी ते सांगितलं नाही.

आज जेवणाच्या सुट्टीत ताईला फोन केला. ठरवलं होतं की आधी इकडचं तिकडचं बोलायचं. तिने "हॅलो" म्हटल्या म्हटल्या मी म्हटलं, "ताई, ती खूण मी केली होती."

मागे कुकरची शिट्टी झाली, ताई गॅस बंद करायला पण गेली नाही.

मग म्हणाली, "महिनाभर मी त्या माणसाशी बोलले नाही. महिनाभर. समोर ताट आपटून ठेवलं. आणि तू फोनवर 'हं' म्हणत होतास."

"बारावा प्लॅन म्हणे! अरे, माझ्या घरात यायचं कशाला तो बारा करायला?" रडत होती की ओरडत होती कळेना. मग फोन खाली ठेवल्याचा आवाज, आणि थोड्या वेळाने दाजी.

"बोल रे."

"दाजी, तुम्ही फोन का घेत नव्हता?"

"घेतला असता तर तू कबूल केलं असतंस. तुझे पाच महिने राहिले होते. म्हटलं, तेवढे होऊ देत, मग काय ते बघू." मग म्हणाले, "तुझ्या ताईचा राग काय, मला सवय आहे. तू कशाला लिहून दिलंस लेका?"

मी इतके दिवस ते रागावलेत असं धरून बसलो होतो.

ताईने परत फोन हिसकावला. आवाज बसला होता. "झालं ते झालं. आता निमूट ऑगस्टमध्ये ये. गाळेवाला विचारत होता. ते तुझं डिपॉझिट आहे ना नीट?"

पाइप चालूच राहिला होता, पायाखालून पाणी वाहत होतं.

"आहे," मी म्हटलं.

१३ एप्रिल, रविवार

सुट्टी. खोलीत मी एकटाच, बाकीचे तिघे बाहेर गेलेत. ताईला परत फोन लावायचा असं सकाळपासून तीनदा ठरवलं. दोन वर्षं नव्याने, हे सांगायला किती वेळ लागतो? एक वाक्य आहे. कालच्या वाक्याएवढंच. पण ते सांगितलं की ती म्हणणार, मग सोडून ये. आणि मग मला म्हणावं लागणार की मी कागदावर सही केलीये, आणि मधेच सोडलं तर चार महिन्यांचा पगार मीच त्यांना भरायचा. हे मला काल कळलं, काकांनी कागद वाचून दाखवला. वाचून झाल्यावर घडी घालून माझ्या खिशात ठेवला. चेष्टा केली असती तर बरं झालं असतं.

दाजींचा गाडीचा हप्ता वीस तारखेला असतो. एक महिन्याचा थकलाय. ताई मागणार नाही. तिने आजवर कधी मागितले नाहीत.

पगार अकरा हजार, मार्चचाही वॉशिंगच्याच दराने धरला. त्यातून डिपॉझिट अकराशे, खोलीचे तीन हजार, खाणावळीचे चार. उरले दोन हजार नऊशे. काउंटरला लागतात म्हणून घेतलेले काळे बूट होते, ते माझ्या जागी आलेल्याला सहाशेला दिले. त्याला एक नंबर मोठे होतात, पुढे कागद कोंबून घालतो म्हणाला.

ताईला पैसे पाठवताना मजकूर लिहायची जागा असते. 'ऑगस्टमध्ये येणं जमणार नाही' असं लिहिलं, खोडलं. परत लिहिलं. या खेपेला तसंच राहू दिलं आणि बटण दाबलं.

तीन हजार पाचशे.